‘मुघल-ए-आझम’चा पहिला अकबर

५ ऑगस्ट १९६० रोजी ‘मुघल-ए-आझम’ मुंबईत मराठा मंदिरला लागला, तेव्हा त्यातला पहिला अकबर जाऊन अकरा वर्षं झाली होती. चंद्रमोहन हे नाव आज जुन्या चित्रपटांच्या शौकिनांपलीकडे फारसं कुणाला माहीत नाही. या चित्रपटाच्या कुळकथेत तो बहुतेक वेळा एका वाक्यापुरता येतो: फाळणी झाली, निर्माता पाकिस्तानात गेला, चंद्रमोहन वारला, मग पृथ्वीराज कपूर आला. तपशील म्हणून यात चूक काही नाही. पण क्रम असा लावला की सगळा दोष पैशाकडे जातो आणि नटाचं मरण म्हणजे नुसता योगायोग वाटतो. प्रत्यक्षात पैसा पुन्हा उभा राहिला, चित्रपट मात्र पहिल्या फुटापासून नव्याने काढावा लागला. तो का, हे समजून घ्यायचं तर चंद्रमोहन कोण होता आणि त्याच्याकडून नेमकं काय हवं होतं, तिथून सुरुवात करावी लागते.

चंद्रमोहनचा जन्म १९०६चा, मध्य प्रांतातल्या नरसिंहपूरचा. घराणं काश्मिरी पंडितांचं. पडद्यावर तो आला प्रभात फिल्म कंपनीमुळे. कंपनीने कोल्हापूर सोडून पुण्यात बस्तान बसवलं आणि नव्या स्टुडिओत पहिला चित्रपट काढला तो ‘अमृतमंथन’, १९३४ साली. अवंतीचा राजा यज्ञातले बळी बंद करतो आणि चवताळलेला राजगुरू त्याच्या खुनाचा कट रचतो, अशी ती गोष्ट. प्रभातच्या तेव्हाच्या रिवाजाप्रमाणे चित्रपट मराठी आणि हिंदी अशा दोन भाषांत एकदमच निघाला. मराठीत राजगुरू झाले केशवराव दाते, हिंदीत चंद्रमोहन. दृश्य तेच, देखावा तोच, प्रकाशयोजनाही तीच. एका भाषेतलं चित्रण उरकलं की नट बदलायचे आणि दुसऱ्या भाषेतलं घ्यायचं. एकाच भूमिकेचे दोन नट असे शेजारीशेजारी उभे राहिल्यामुळे कोण कशाच्या जोरावर काम करतो ते उघड झालं. दाते रंगभूमीवरून आलेले, शब्दावर हुकूमत असलेले नट. चंद्रमोहनकडे भरदार आवाज होताच, पण त्याचं खरं भांडवल डोळे.

दिग्दर्शक व्ही. शांताराम, म्हणजे शांतारामबापूंनी, टेलिफोटो (लांबचं जवळ आणणारं) भिंग लावून राजगुरूचा एक डोळा पडदाभर दाखवला. हिंदी चित्रपटाच्या इतिहासात या शॉटचा उल्लेख हमखास होतो, पण तो शॉट साधला कशामुळे हे सहसा कुणी सांगत नाही. कृष्णधवल फिल्मला रंग कळत नाही, फक्त उजेड-अंधार कळतो. तपकिरी बुबुळ आणि मधली काळी बाहुली फिल्मवर एकमेकांत मिसळतात, डोळ्यांच्या जागी दोन काळे ठिपके उरतात आणि त्यांत जीव आणायला समोरून छोट्या दिव्याची ठिणगी टाकावी लागते. चंद्रमोहनचे डोळे फिकट, करडे. ते फिल्मवर जवळजवळ पांढुरके उमटत आणि त्यांत बाहुली टाचणीच्या टोकासारखी वेगळी दिसे. शिवाय स्टुडिओतल्या भगभगीत दिव्यांपुढे बाहुली आकसते, म्हणजे फिकट भाग आणखी मोठा होतो. नट नुसता बघतोय आणि प्रेक्षक दचकतोय, हे असं घडायचं.

याला एक अडचण चिकटलेली होती. असे डोळे वीस-पंचवीस फुटांवरून दिसतच नाहीत. दिवा फार वरून आला तर भुवईची सावली पडून खोबणी काळी होते, दिवा फार प्रखर झाला तर नट डोळे बारीक करतो. म्हणजे दिवा खाली, कॅमेऱ्याच्या जवळ हवा, भिंग लांब पल्ल्याचं हवं आणि एकूण दृश्याची बांधणीच जवळच्या शॉटांच्या आधाराने करायला हवी. चंद्रमोहनला घेणं म्हणजे निव्वळ एक नट घेणं नव्हे, चित्रणाची एक पद्धत घेणं.

पुढची दहाएक वर्षं त्याची भरभराटीची. प्रभातच्याच ‘अमरज्योती’त (१९३६) तो दुर्गाबाई खोट्यांच्या समोर होता. ‘वहाँ’ १९३७चा. मास्टर विनायकांच्या हंस पिक्चर्सने वि. स. खांडेकरांच्या कथेवर ‘ज्वाला’ (१९३८) काढला, त्यातला अंगार त्याचा. हा खर्चीक चित्रपट आपटला आणि हंसला त्याचा फटका बसला. मेहबूबच्या ‘रोटी’त (१९४२) तो पैशासाठी माणुसकी विकणारा शेठ लक्ष्मीदास झाला. खलनायक म्हणून त्याचं नाव झालं ते अशाच भूमिकांमुळे.

पण अकबराच्या दृष्टीने महत्त्वाचा चित्रपट वेगळाच: सोहराब मोदींचा ‘पुकार’ (१९३९). त्यात तो जहांगीर होता. म्हणजे अकबराचा मुलगा सलीमच, पण गादीवर बसून बादशहा झालेला. राणी नूरजहाँच्या बाणाने एक धोबी मरतो, धोबीण न्याय मागायला दरबारात येते आणि न्यायाचा डंका मिरवणाऱ्या बादशहाला आपल्याच बायकोला शिक्षा सुनवायची वेळ येते. लेखक कमाल अमरोही. ‘मुघल-ए-आझम’च्या चार लेखकांपैकीही एक तेच. कायदा एका बाजूला आणि पोटातली माया दुसऱ्या बाजूला, मध्ये सिंहासनावर अडकलेला माणूस: ‘पुकार’मधला जहांगीर आणि ‘मुघल-ए-आझम’मधला अकबर हे एकाच साच्यातून निघालेले आहेत. ‘मुघल-ए-आझम’चा दिग्दर्शक के. असिफने अकबरासाठी चंद्रमोहनला घेतलं तेव्हा तो अंदाजाने दगड मारत नव्हता. हा नट मुघल बादशहा म्हणून देशभर पाहिला गेलेला होता.

के. असिफ तेव्हा जेमतेम बावीस-चोवीस वर्षांचा. इटाव्याचा हा तरुण, जन्म १९२२चा. ‘फूल’ (१९४५) हा त्याचा पहिला चित्रपट. त्यात पृथ्वीराज कपूर होता, हे लक्षात ठेवण्याजोगं. इम्तियाज अली ताज यांच्या १९२२च्या ‘अनारकली’ नाटकाचा विषय त्याच्या डोक्यात १९४४पासून घोळत होता. पैसा घालायला शिराझ अली हकीम तयार झाले. सलीमच्या भूमिकेसाठी डी. के. सप्रू, अनारकली नर्गिस, अकबर चंद्रमोहन. दिलीपकुमारचं नाव तेव्हाही निघालं होतं. सलीम म्हणून असिफने ते नाकारलं होतं.

चित्रीकरण १९४६मध्ये मालाडला बॉम्बे टॉकीजच्या स्टुडिओत सुरू झालं. काळ बरा होता असं म्हणवत नाही, पण निदान फिल्मची टंचाई ओसरली होती. युद्धात सरकारने चित्रपटाच्या लांबीला ११,००० फुटांची मर्यादा घातली होती आणि १९४३पासून कच्ची फिल्म परवान्यावर मिळत होती. ३५ मिलिमीटरच्या फिल्मचे एका मिनिटाला ९० फूट जातात, म्हणजे ११,००० फुटांत दोन तासांहून थोडं अधिक. असिफचा तयार चित्रपट शेवटी १९७ मिनिटांचा झाला, जवळपास १७,७०० फूट. युद्धकाळच्या नियमांत तो मावलाच नसता. परवान्याची भानगड १९४५ अखेर संपली.

या पहिल्या फळीतली नाती बघण्यासारखी आहेत. नर्गिस आणि चंद्रमोहन एकमेकांना परके नव्हते. नायिका म्हणून नर्गिसचा पहिला चित्रपट मेहबूबचा ‘तकदीर’ (१९४३), त्यात चंद्रमोहन होता. मग ‘हुमायूँ’मध्ये (१९४५) दोघं पुन्हा एकत्र आले, तिथे नर्गिस हमीदाबानू होती, म्हणजे इतिहासात अकबराची आई. वर्षभरात ती त्याच अकबराच्या दरबारातली नाचणारी होणार होती. सप्रूही काश्मिरी पंडित, चंद्रमोहनपेक्षा दहा वर्षांनी लहान. बाप आणि मुलगा म्हणून ही जोडी चेहऱ्यामोहऱ्याने पटण्याजोगी होती.

मग १९४७ उजाडलं. दंगली, संचारबंदी, स्टुडिओचे बंद दिवस. शिराझ अली पाकिस्तानात गेले आणि काम ठप्प झालं. पण हा ठप्पपणा अजून दुरुस्त होण्यातला होता. निगेटिव्ह आणि संहिता असिफच्या हाताशी होती, तिन्ही नट मुंबईत काम करत होते. अर्धवट चित्रपट नव्या सावकाराकडे नेऊन पुरा करण्याचे प्रकार मुंबईत नवीन नव्हते. शिराझ अलींनीच शापूरजी पालनजी मिस्त्री यांचं नाव सुचवून ठेवलं होतं.

२ एप्रिल १९४९ रोजी चंद्रमोहन हृदयविकाराने गेला. वय ४२. एके काळी वाजतगाजत पैसा मिळवलेला हा नट शेवटी कफल्लक झाला होता. दारू आणि जुगार या दोन्हींची नावं त्याच्या शेवटच्या दिवसांशी जोडली जातात. कामं मात्र थांबली नव्हती. १९४८मध्ये तो ‘रामबाण’मध्ये रावण होता आणि फिल्मिस्तानच्या ‘शहीद’मध्ये दिलीपकुमारचा बाप.

प्रमुख नट मध्येच गेला तर निर्मात्यापुढे तीन वाटा असतात. भूमिका छोटी करून उरलेली कथा बदलायची. किंवा पाठमोरे आणि लांबचे शॉट बदली माणसावर घेऊन, जवळचे जुने शॉट मध्ये पेरून वेळ निभवायची. किंवा त्या एका नटाची दृश्यं नव्या नटाला घेऊन पुन्हा काढायची. यांतली कुठलीच वाट अकबराच्या बाबतीत चालणारी नव्हती, आणि त्याला नेमकी तांत्रिक कारणं आहेत.

अकबर छोटा करता येत नाही, कारण झगडा त्याचाच आहे. सलीम आणि अनारकली प्रेम करून मोकळे होतात. निर्णय घ्यायचा तो अकबराने. बदली माणूसही चालेना, कारण ज्या नटाचं सारं काम डोळ्यांत आणि जवळच्या शॉटांत आहे त्याची पाठ दाखवून काय साधणार? आवाजाचीही तीच गत. तेव्हा संवाद सेटवरच ध्वनिमुद्रित होत आणि तेही फिल्मवर, प्रकाशाच्या पट्टीच्या रूपात. ती फिल्म धुऊन छापल्याशिवाय काय उमटलंय ते ऐकताही येत नसे. चुंबकीय टेप इथल्या स्टुडिओंत रुळायला अजून अवकाश होता. चंद्रमोहनच्या चेहऱ्यावर दुसऱ्याचा आवाज किंवा दुसऱ्याच्या चेहऱ्यावर चंद्रमोहनचा आवाज बसवणं त्या काळच्या साधनांत धड जमणारं नव्हतं, आणि त्याचा तो भरदार आवाज प्रेक्षकांच्या कानात पक्का होता.

राहिली तिसरी वाट, फक्त अकबराची दृश्यं पुन्हा काढण्याची. कागदावर ही सोपी वाटते. दरबाराचं एक दृश्य घ्या. आधी सगळी माणसं दिसतील असा एक लांबचा शॉट काढतात, मग त्याच दृश्याचे जवळचे तुकडे. अकबर बदलला की लांबचा शॉट बाद. सलीमच्या खांद्यावरून अकबर दिसतो तो शॉट बाद, आणि अकबराच्या खांद्यावरून सलीम दिसतो तोही बाद, कारण चौकटीच्या कोपऱ्यात खांदा आणि मुकुट आहेतच. उरतात ते सलीमचे आणि अनारकलीचे एकट्याचे तुकडे. ते वापरायचे तर नव्या शॉटांशी प्रकाश, पोशाख, दागिने, नजरेची उंची, सगळं जुळायला हवं. नवा नट दोन इंच उंच असला तरी जुन्या तुकड्यांतली सलीमची नजर त्याच्या हनुवटीवर पडते. देखावा केव्हाच मोडलेला असतो, तो तंतोतंत तसाच पुन्हा उभारायचा. आणि सगळ्यांत वाईट म्हणजे माणसांची वयं. १९४६मध्ये नर्गिस सतरा वर्षांची होती. १९४९मध्ये ‘अंदाज’ आणि ‘बरसात’ लागले, तिचा चेहरा भरला, ती पहिल्या क्रमांकाची नटी झाली, तारखा दुसरीकडे गेल्या. तीन वर्षांपूर्वीची मुलगी आणि आताची बाई एका दृश्यात शेजारी लावता येत नाही.

नट दगावला तर भरपाई देणारा विमाही तेव्हा इथे नव्हता, की त्या पैशांत निदान एक देखावा तरी पुन्हा उभा राहावा. म्हणून पैशाची सोय झाल्यावरही जुन्या चित्रणाला हात लावण्यात अर्थ उरला नव्हता. निर्माता गेल्याने चित्रपट थांबला. चंद्रमोहन गेल्याने तो रद्द झाला. या दोन गोष्टी वेगळ्या आहेत आणि बहुतेक लेखांत त्यांची गल्लत होते.

चित्रपट बासनात गेला असं इतरांनीही धरून चाललं होतं. कमाल अमरोहींनी त्याच विषयावर स्वतःचा चित्रपट काढायची तयारी सुरू केली. असिफने जाऊन जाब विचारल्यावर ती थांबली. नंदलाल जसवंतलाल मात्र थांबले नाहीत. त्यांचा ‘अनारकली’ १९५३मध्ये आला, सी. रामचंद्रांच्या गाण्यांनी गाजला आणि त्या वर्षी कमाईत सगळ्यांच्या पुढे गेला. म्हणजे असिफच्या विषयावर दुसऱ्याने मलई खाल्ली, तेव्हा असिफ अजून चित्रीकरणाच्या पहिल्या टप्प्यातच होता.

शापूरजी १९५०मध्ये तयार झाले. बांधकामातला माणूस, चित्रपटाशी संबंध नाही, पण अकबराच्या इतिहासाची आवड. सगळी फळी नवी आली: अकबर पृथ्वीराज, सलीम तोच एकदा नाकारलेला दिलीपकुमार, अनारकली मधुबाला. जोधाबाई झाल्या दुर्गाबाई खोटे.

पृथ्वीराजही १९०६चाच, चंद्रमोहनच्या वर्षाचा. एवढंच साम्य. हा रंगमंचावर वाढलेला, आडवा-उभा धिप्पाड माणूस. त्याचं भांडवल छाती, चाल आणि शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचणारा आवाज. त्याला जवळच्या शॉटाची गरज नाही, उलट लांबच्या शॉटात तो खुलतो. नव्या चित्रपटातले प्रचंड महाल, लांबलचक पायऱ्या, दूरवर उभा असलेला आणि तरी चौकट भरून टाकणारा बादशहा हे सगळं पृथ्वीराजच्या अंगकाठीला शोभणारं आहे. चंद्रमोहन राहिला असता तर हाच चित्रपट आकाराने लहान आणि स्वभावाने अधिक थंड, अधिक भीतिदायक झाला असता, असं मानायला जागा आहे. तो चांगला झाला असता की नाही, हा वेगळा वाद.

दुसऱ्या फेरीचा पसारा सर्वज्ञात आहे, त्यामुळे थोडक्यात. मोहन स्टुडिओतला शीशमहाल १५० फूट लांब, ८० फूट रुंद, ३५ फूट उंच. उभारायला दोन वर्षं, खर्च १५ लाखांवर. बेल्जियन काचेचे तुकडे फिरोझाबादच्या कारागिरांनी बसवले, मुकुट कोल्हापुरात घडले, जोडे आग्र्याहून आले. दिवे लावताच आरसे डोळे दिपवायचे आणि फिल्मवर नुसते पांढरे डाग पडायचे. आरशांवर मेणाचा पातळ थर देऊन आणि दिव्यांचा उजेड कापडाच्या पट्ट्यांवरून परतवून छायाचित्रकार आर. डी. माथूर यांनी वाट काढली. एकेका शॉटच्या प्रकाशयोजनेला आठ-आठ तास लागल्याचं नोंदलेलं आहे. (त्या सेटवर ५०० ट्रकांच्या हेडलाइटचा उजेड पाडला, हेही सर्रास लिहिलं जातं, एवढे ट्रक स्टुडिओच्या आवारात उभे कुठे केले हे कुणी लिहीत नाही.) चित्रीकरणाचे दिवस ५००, जेव्हा रीत होती ६० ते १२५ची. तयार १९७ मिनिटांना भागलं तर दिवसाला २४ सेकंद पडतात. त्यात भर म्हणजे दृश्यं हिंदी, तमिळ आणि इंग्रजी अशी तीनदा काढली जात असल्याचं सांगतात. प्रभातने ‘अमृतमंथन’मध्ये दोन भाषांसाठी नट बदलले होते, इथे तेच नट तिन्ही भाषांत. तमिळ आवृत्ती १९६१मध्ये पडली आणि इंग्रजीचा बेत गुंडाळला.

सप्रूचं पुढे काय झालं तेही इथेच सांगून टाकू. सलीम हातचा गेला, नायकपण टिकलं नाही, पण चरित्रनट म्हणून तो कितीतरी वर्षं दिसत राहिला. अमरोहींच्याच ‘पाकीझा’त तो हकीमसाहेब आहे. त्या चित्रपटालाही पुरं व्हायला १९७२ उजाडलं होतं.

असिफवर हा प्रसंग दुसऱ्यांदाही आला. ‘लव्ह अँड गॉड’साठी त्याने गुरुदत्तला मजनू म्हणून उभं केलं, ऑक्टोबर १९६४मध्ये गुरुदत्त गेला. चंद्रमोहनच्या वेळी केलं तेच असिफने पुन्हा केलं: जुनं बाजूला सारलं आणि संजीवकुमारला घेऊन नव्याने सुरुवात केली. पण मार्च १९७१मध्ये असिफ स्वतःच गेला. चित्रपट १९८६मध्ये बाहेर आला, तोवर संजीवकुमारही हयात नव्हता. पुरं न झालेलं चित्रण जोडून तो लावलेला आहे आणि सांधे स्पष्ट दिसतात. ‘मुघल-ए-आझम’च्या पहिल्या चित्रणाची अशीच जोडाजोड झाली असती तर काय पाहायला मिळालं असतं, याची बऱ्यापैकी कल्पना त्यावरून येते.

चंद्रमोहनचा अकबर कसा असता याचा अंदाज घ्यायचा असेल तर ‘अमृतमंथन’ची हिंदी आवृत्ती, ‘पुकार’ आणि ‘शहीद’ या क्रमाने बघावं. पहिल्यात डोळे, दुसऱ्यात सिंहासनावर बसण्याची ढब. ‘शहीद’मध्ये तो सरकारशी इमान राखणारा रायबहादूर बाप आहे आणि दिलीपकुमार क्रांतिकारक मुलगा. दोघं समोरासमोर येतात ती दृश्यं आवर्जून बघावीत: दिलीपकुमार बोलत असताना चंद्रमोहनच्या चेहऱ्याकडे लक्ष ठेवावं, आणि मग ‘मुघल-ए-आझम’मधली बापलेकाची दृश्यं लावून तिथे पृथ्वीराज त्याच जागी काय करतो ते पाहावं.